२३ वर्षांची गॅप

प्लेसमेंटच्या फॉर्ममध्ये एक रकाना असतो. नाव, जन्मतारीख, दहावी, बारावी, सगळ्या सेमिस्टरचे मार्क, बॅकलॉग किती, आणि मग तो रकाना : 'शैक्षणिक गॅप असल्यास कारण'. त्याला जागा एका ओळीची. आजारपण असेल तर एका ओळीत मावतं. घरची अडचण असेल तर कशीबशी मावते. पण 'मला दुसरंच काहीतरी करून बघायचं होतं' हे कारण ओळीत मावलं तरी समोरच्याच्या डोक्यात मावत नाही!

आपल्या हॉस्टेलमध्ये या रकान्याला समांतर असं एक वाक्य आहे. ते तुम्ही मेसमध्ये ऐकलं असेल, कॉमन रूममध्ये ऐकलं असेल, कदाचित स्वतः म्हटलंही असेल. 'सीट वाया घालवली.' कोणी सेकंड इयरनंतर नाटकाकडे गेला, सीट वाया. कोणी डिग्री घेऊन एमपीएससीला बसली, सीट वाया. कोणी गावी जाऊन डाळिंबाची बाग बघायला लागला, तर विचारूच नका. दुसऱ्या एखाद्या गरजू मुलाला मिळाली असती ना ती सीट, असं आपण एकदम समाजसेवकाच्या सुरात म्हणतो आणि पुढच्या पोळीला हात घालतो.

या वाक्याबद्दल मला काहीतरी म्हणायचं आहे. त्यासाठी एका इंग्रज बाईंची गोष्ट सांगावी लागेल. मराठी विभागात इंग्रज नटीवर लेख कशाला, असं कोणी विचारेल. कॉन्व्हेंटवाली दुसरं काय लिहिणार, असंही कोणी म्हणेल. म्हणू देत. गोष्ट आपल्या कामाची आहे.

बाईंचं नाव ग्लेंडा जॅक्सन. आपल्या पिढीला जूडी डेंच माहीत असतात जेम्स बाँडमुळे, मॅगी स्मिथ माहीत असतात हॅरी पॉटरमुळे. ग्लेंडाबाई अशा कुठल्या मोठ्या मालिकेत नव्हत्या, म्हणून आपल्याकडे हे नाव फारसं कोणाला माहीत नाही. पण त्यांच्या खात्यात दोन ऑस्कर, एमी आणि टोनी अशी तिन्ही पारितोषिकं आहेत. सिनेमा, टीव्ही आणि रंगभूमी, तिन्हीकडचा सर्वोच्च मान. असे नट जगात मोजके. आणि हे सगळं मधे तब्बल २३ वर्षांची गॅप असताना!

पहिल्यापासून सांगते. ९ मे १९३६ चा जन्म. गाव बर्कनहेड, म्हणजे लिव्हरपूलच्या समोर, नदीच्या पलीकडच्या काठावर. वडील गवंडी. चार बहिणींत या थोरल्या. आईने नाव ठेवलं ते ग्लेंडा फॅरेल नावाच्या हॉलिवूडच्या नटीवरून, बाकी घराचा आणि सिनेमाचा संबंध तेवढाच. शाळा सोळाव्या वर्षाच्या सुमारास सुटली आणि बाई 'बूट्स' या औषधांच्या दुकानात काउंटरवर लागल्या. दोन वर्षं तिथे काम केलं. नोकरी कायमची, पगार ठरलेला, गवंड्याच्या घरात कोणी नावं ठेवावीत असं त्यात काहीच नाही. संध्याकाळी हौशी मंडळींबरोबर नाटक. तिथे कोणीतरी म्हटलं की तू हे नीट शिकायला हवंस, आणि १९५४ साली शिष्यवृत्ती मिळवून त्या लंडनच्या 'राडा'मध्ये दाखल झाल्या. राडा म्हणजे रॉयल अकॅडमी ऑफ ड्रमॅटिक आर्ट, नटांचं आयआयटीच म्हणा ना.

तिथे त्यांना काय सांगण्यात आलं माहीत आहे? तुझा चेहरा नायिकेचा नाही, तू चरित्र भूमिका करशील, आणि चाळिशीपर्यंत फार कामाची अपेक्षा ठेवू नकोस. अठरा-वीस वर्षांच्या मुलीला हे सांगणं म्हणजे फर्स्ट इयरलाच 'तुला कोअर कंपनी मिळायची नाही' असं सांगण्यासारखं आहे. आपल्याला सांगतातच की!

पुढची काही वर्षं त्या भविष्यवाणीप्रमाणेच गेली. १९५७ पासून बाई 'रेपर्टरी'त काम करत होत्या. रेपर्टरी हा काय प्रकार आहे ते इथे सांगते, कारण तो आपल्याला लगेच समजेल. छोट्या गावातलं थिएटर, ठरलेला नटसंच, आणि दर एक-दोन आठवड्यांनी नवं नाटक. म्हणजे रात्री या आठवड्याच्या नाटकाचा प्रयोग, दिवसा पुढच्या नाटकाची तालीम, आणि डोक्यात त्याच्या पुढच्या नाटकाचे संवाद. सबमिशन, ओरल आणि थिअरी एकाच वेळी, वर्षभर. मधे मधे काम नाही, मग हॉटेलात वेट्रेसगिरी किंवा अशीच मिळेल ती किरकोळ नोकरी. ऑस्करवाल्यांच्या चरित्रातली ही पानं आपण भराभर उलटतो. मला वाटतं खरी पानं हीच आहेत.

१९६४ साली पीटर ब्रुक भेटले. हे तेच ब्रुक, ज्यांनी पुढे १९८५ मध्ये महाभारत नऊ तासांच्या प्रयोगात रंगमंचावर आणलं. त्यांच्या 'मारा/साद' या नाटकात ग्लेंडाबाईंनी शार्लोट कोर्देचं काम केलं. नाटक वेड्यांच्या इस्पितळात घडतं. तिथले रुग्ण फ्रेंच राज्यक्रांतीतल्या मारा या पुढाऱ्याच्या खुनाचं नाटक बसवतात, आणि झोपाळू आजार असलेली एक रुग्ण खुनी शार्लोट कोर्दे होते. म्हणजे नटी रुग्ण होते आणि ती रुग्ण खुनी होते, एकावर एक दोन भूमिका. एका प्रसंगात तिला सादला चाबकाने मारायचं असतं. चाबूक नाहीच, बाई स्वतःच्या लांब केसांचे फटके मारतात! लंडनमध्ये गाजलं, न्यूयॉर्कला गेलं, १९६७ मध्ये त्याचा सिनेमा आला.

मग सिनेमावाल्यांनी हाक मारली. केन रसेल यांचा 'विमेन इन लव्ह' १९६९ चा, त्यावर पहिलं ऑस्कर. 'अ टच ऑफ क्लास' १९७३ चा, त्यावर दुसरं. दोन्ही वेळा बाई समारंभाला गेल्याच नाहीत. आणि हा दुसरा सिनेमा कसा मिळाला? बीबीसीवर मोरकम आणि वाइज या विनोदी जोडगोळीचा कार्यक्रम असायचा. १९७१ मध्ये त्यात ग्लेंडाबाई क्लिओपात्रा झाल्या आणि त्यांनी स्वतःची भरपूर टर उडवून घेतली. ते बघून दिग्दर्शक मेल्विन फ्रँक यांना वाटलं, अरे, या बाई विनोदीही करू शकतात! म्हणजे गंभीर नटीने थट्टा करून घेतली म्हणून ऑस्कर आलं. आपल्या गॅदरिंगमध्ये फिशपाँडवर रुसून बसणाऱ्यांनी याची नोंद घ्यावी.

पण मला सगळ्यात आवडतं ते त्यांचं 'एलिझाबेथ आर'. बीबीसीची १९७१ ची सहा भागांची मालिका, इंग्लंडची राणी पहिली एलिझाबेथ हिच्यावर. कोवळ्या पोरीपासून एकोणसत्तराव्या वर्षी मरण पावलेल्या राणीपर्यंत एकच नटी. त्या काळातल्या राणीचं कपाळ मोठं दिसावं म्हणून त्यांनी पुढचे केस वस्तऱ्याने काढून टाकले. टोपाखाली लपवता आले असते, पण नाही. शिवाय एका बाजूला पाय घेऊन घोड्यावर बसणं, धनुष्यबाण चालवणं, त्या काळचं वाद्य वाजवणं, सुलेखन, हे सगळं शिकल्या. आपण प्रोजेक्टमध्ये स्पेसिफिकेशन वाचायचाही कंटाळा करतो. या कामाला दोन एमी मिळाल्या, आणि त्याच वर्षी आलेल्या 'मेरी, क्वीन ऑफ स्कॉट्स' या सिनेमात पुन्हा हीच राणी त्यांनी केली.

आता गोष्टीचा मधला भाग. १९९२. वय पंचावन्न. नाव, पैसा, मान, सगळं आहे. आणि बाईंनी नट म्हणून सगळं गुंडाळून लंडनच्या हॅम्पस्टेड अँड हायगेट मतदारसंघातून लेबर पक्षातर्फे निवडणूक लढवली. ती जागा आधी हुजूर पक्षाकडे होती, ती त्यांनी खेचून आणली. गंमत म्हणजे देशात त्यांचा पक्ष हरला. म्हणजे निवडून आल्या त्या थेट विरोधी बाकांवर बसायला.

आपल्याकडेही नट-नट्या संसदेत जातात. पण ग्लेंडाबाईंनी एक केलं, जे मला फार महत्त्वाचं वाटतं. त्यांनी अभिनय बंद केला. 'पुढच्या अधिवेशनापर्यंत शूटिंग आटपून घेते' नाही, उद्घाटनाला साडी नेसून हात हलवणं नाही. पूर्ण बंद, २३ वर्षं. तिथे खासदाराने दर आठवड्याला मतदारांना भेटायचं असतं, त्या बैठकीला चक्क 'सर्जरी' म्हणतात. घराचं छप्पर गळतंय, पेन्शन अडकलंय, शेजारी त्रास देतो, असल्या तक्रारींची सर्जरी. ज्या बाईंसाठी न्यूयॉर्कला तिकिटांच्या रांगा लागत, त्या आता लोकांच्या गळक्या छपरांची कागदपत्रं बघत होत्या.

पुढे १९९७ मध्ये लेबरचं सरकार आलं आणि त्या वाहतूक खात्यात कनिष्ठ मंत्री झाल्या, लंडनची वाहतूक त्यांच्याकडे. १९९९ मध्ये मंत्रिपद सोडलं, लंडनच्या महापौरपदासाठी पक्षाची उमेदवारी मागितली. मिळाली नाही. पुन्हा साधं खासदार. २००३ मध्ये इराक युद्धाच्या प्रश्नावर स्वतःच्याच पक्षाच्या पंतप्रधानांविरुद्ध मत दिलं. म्हणजे मंत्रिपदाकडे परत जाण्याची वाट स्वतःच बंद केली. २०१० च्या निवडणुकीत तर अवघ्या ४२ मतांनी निवडून आल्या. ४२! आपल्या एका विंगमध्ये याहून जास्त मुली राहतात.

आता हिशोबी माणूस काय म्हणेल? म्हणेल, बघा, दोन ऑस्करवाली बाई, राजकारणात जाऊन काय मिळवलं? एक कनिष्ठ मंत्रिपद, तेही दोन वर्षं. त्या २३ वर्षांत किती नाटकं झाली असती, किती सिनेमे. ही कारकीर्द वाया गेली. इंग्लंडमध्येही असं म्हणणारे होतेच. म्हणजे 'सीट वाया' हे वाक्य फक्त आपल्या मेसमध्ये बोललं जातं असं नाही.

मला हा हिशोब पटत नाही. तो का पटत नाही ते सांगते.

एक तर या हिशोबात माणूस म्हणजे मशीन धरलं आहे. एका कामासाठी डिझाइन केलेलं, दुसऱ्या कामाला लावलं की एफिशिअन्सी कमी. मी मेकॅनिकलची आहे, मशीनचा अपमान मी करणार नाही. पण मशीनला आपण कोणत्या कामाला लागलोय हे कळत नाही, माणसाला कळतं. बाईंना ज्या कामाची गरज वाटली ते काम त्या करायला गेल्या. गळकं छप्पर दुरुस्त झालं त्या घरातल्या लोकांना विचारा की ती २३ वर्षं वाया गेली का.

दुसरं म्हणजे, शिकलेलं कुठे जात नाही. एप्रिल २०१३ मध्ये मार्गारेट थॅचर गेल्या. संसदेत श्रद्धांजली सुरू होती, एकामागून एक मऊ मऊ भाषणं. सत्त्याहत्तराव्या वर्षाला टेकलेल्या ग्लेंडाबाई उभ्या राहिल्या आणि थॅचर यांच्या धोरणांनी आपल्या मतदारांचं, शाळांचं, इस्पितळांचं काय झालं ते त्यांनी सात-आठ मिनिटं सांगितलं. समोरच्या बाकांवरून आरडाओरडा. एका सदस्याने हरकत घेतली, सभापतींनी सांगितलं की यात संसदेच्या नियमाबाहेरचं काही नाही. मेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलू नये असं आपल्याला लहानपणापासून शिकवलेलं असतं, आणि त्या भाषणाची वेळ योग्य होती का यावर आमच्या रूममध्येच एकमत नाही. पण त्याचा व्हिडिओ बघा. इतक्या गोंधळात आवाज एकदाही फाटत नाही, एक शब्द गिळला जात नाही, वाक्य कुठे थांबवायचं आणि कुठे सोडायचं हे पक्कं माहीत. ही रेपर्टरीची मेहनत आहे. राडाची सीट तिथे, त्या बाकावर उभी होती!

आणि तिसरं, सगळ्यात महत्त्वाचं. गेलेला माणूस परत येऊ शकतो.

२०१५ मध्ये बाई निवडणुकीला उभ्या राहिल्या नाहीत, राजकारण संपवलं. वय अठ्ठ्याहत्तर. आपल्याकडे या वयात माणसाला नातवंडांच्या लग्नात मानाची खुर्ची देतात आणि त्यातच बसवून ठेवतात. यांनी काय केलं? २०१६ च्या अखेरीस लंडनच्या ओल्ड व्हिक थिएटरमध्ये किंग लिअर केला. लिअरची मुलगी नव्हे, लिअर! ऐंशी वर्षांचा राजा, ऐंशी वर्षांच्या बाई. दिग्दर्शन डेबोरा वॉर्नर यांचं. पंचवीसेक वर्षांनी रंगमंचावर पाय ठेवताना एखादी सोपी, दोन प्रवेशांची आजीबाईंची भूमिका मागता आली असती. त्यांनी जगातली एक सगळ्यात अवघड भूमिका उचलली.

मराठी माणसाला लिअर परका नाही. आपलं राज्य मुलींना वाटून देऊन त्यांच्याच दारातून हाकलला गेलेला म्हातारा राजा. शिरवाडकरांच्या 'नटसम्राट'ची प्रेरणा तीच, १९७० मध्ये अप्पासाहेब बेलवलकर रंगमंचावर आले. आणि बाईने पुरुष झाल्याचं तरी आपल्याला आश्चर्य का वाटावं? ज्या महाराष्ट्राने बालगंधर्वांच्या शालूचं अनुकरण बायकांनी केलेलं पाहिलं, त्याने राजा झालेल्या बाईला उठून जागा द्यायला हवी.

मग २०१८ मध्ये ब्रॉडवेवर एडवर्ड अल्बी यांचं 'थ्री टॉल विमेन', त्यात नव्वदी ओलांडलेल्या म्हातारीची भूमिका, त्यावर टोनी. २०१९ मध्ये पुन्हा लिअर, या वेळी न्यूयॉर्कमध्ये, वेगळ्या दिग्दर्शकाबरोबर. त्याच वर्षी बीबीसीवर 'एलिझाबेथ इज मिसिंग'. स्मृती हरवत चाललेल्या मॉड नावाच्या आजी, ज्या हरवलेल्या मैत्रिणीला शोधतायत आणि कोणी त्यांचं ऐकत नाही. त्यावर २०२० चं बाफ्टा. शेवटचा सिनेमा मायकल केन यांच्याबरोबर, 'द ग्रेट एस्केपर'. हे दोघं आधी १९७५ मध्ये एकत्र आले होते, म्हणजे जवळजवळ अर्ध्या शतकानंतरची भेट. तो ऑक्टोबर २०२३ मध्ये प्रदर्शित झाला. बाई त्याआधीच, १५ जून २०२३ रोजी, वयाच्या ८७ व्या वर्षी लंडनमध्ये गेल्या.

हा शेवटचा सिनेमा आम्ही पाच जणींनी एकाच लॅपटॉपवर पाहिला. त्यात फार काही घडत नाही. नवरा वृद्धाश्रमातून पळून फ्रान्सला जातो, दुसऱ्या महायुद्धातल्या सोबत्यांच्या स्मरणदिनासाठी, आणि बायको मागे राहून सगळ्यांना गुंगारा देते. पण बाईंच्या डोळ्यांतला तो मिस्किलपणा! आमच्यातल्या सगळ्यात झोपाळू मुलीनेही पॉज करू दिलं नाही.

आता तुमचा आक्षेप मला माहीत आहे, कारण तो माझ्या रूममेटने आधीच घेतला आहे. ती म्हणाली, 'अगं, दोन ऑस्कर खिशात असल्यावर कोणीही गॅप घेईल. आपल्या डोक्यावर एज्युकेशन लोनचे हप्ते आहेत.' आक्षेप बरोबर आहे. यशस्वी माणसाचं उदाहरण देऊन दुसऱ्याला उडी मारायला सांगणं सोपं असतं. म्हणून मी कोणालाही उडी मार म्हणत नाहीये. मी स्वतः मारणार नाहीये, मला मेकॅनिकल आवडतं, आणि बाबांनी काढलेलं लोन मलाच फेडायचं आहे. पण एवढं बघा की बाईंनी पहिली उडी मारली तेव्हा खिशात ऑस्कर नव्हतं, औषधाच्या दुकानातला पगार होता. तो सोडला तेव्हा पुढे काय आहे हे त्यांनाही माहीत नव्हतं, आणि पुढे बरीच वर्षं वेट्रेसगिरीच होती.

माझं म्हणणं उडी मारणाऱ्यांबद्दल नाहीच. माझं म्हणणं बघणाऱ्यांबद्दल आहे. म्हणजे आपल्याबद्दल.

आपलंच उदाहरण घ्या. डॉ. श्रीराम लागू हे कान-नाक-घशाचे सर्जन होते. पुण्यात शिकले, परदेशात पुढचं शिक्षण घेतलं, आफ्रिकेत डॉक्टरकी केली. आणि १९६९ मध्ये, चाळिशी ओलांडल्यावर, ते पूर्ण वेळ नट झाले. पुढच्याच वर्षी तो नटसम्राट त्यांनी उभा केला. आज कोणी म्हणतं का की डॉ. लागूंनी मेडिकलची सीट वाया घालवली? उलट आपण अभिमानाने 'डॉक्टर' म्हणतो. मग नियम असा झाला का, की गेलेला माणूस यशस्वी झाला तर धाडस आणि नाही झाला तर सीट वाया? म्हणजे सीटचा आणि समाजाचा काही संबंधच नाही, आपण फक्त निकाल लागण्याची वाट बघत असतो. हा न्याय नाही, ही सट्टेबाजी आहे.

हे सगळं मी आत्ताच का लिहितेय? आपल्या हॉस्टेलमध्ये एक मुलगी आहे. ती सेकंड इयर झाल्यावर कॉलेज सोडून नाटकाच्या एका कोर्सला गेली होती. नंतर एका संस्थेत प्रकाशयोजनेचं काम करत होती. दोन वर्षांनी परत आलीय, आता ज्युनिअर बॅचबरोबर थर्ड इयरला बसते. (तिला विचारून लिहितेय. ती म्हणाली, लिही, पण नाव नको.) मी तिला विचारलं, परत का आलीस? ती म्हणाली, 'पैसे संपले, आणि अर्धी ठेवलेली डिग्री टोचत होती.' बास. यात पराभवाची कादंबरी नाही आणि विजयाचीही नाही. पण ती मेसमध्ये आली की एक टेबल हळूच म्हणतं, 'आली परत!' आणि जे टेबल तसं म्हणत नाही ते तिच्याकडे दया आल्यासारखं बघतं. दुसरं जास्त वाईट, असं तीच म्हणाली.

मागच्या महिन्यात इलेक्ट्रिकल लॅबमध्ये तीन फेजवर लोड वाटायचं होतं. आम्ही वहीत आकडेमोड करत बसलो होतो. तिने तारा बघितल्या आणि सांगितलं की ही फेज जास्त भरली आहे. दोन वर्षं थिएटरमध्ये पार-लाइटचं लोड वाटून वाटून तिला ते बोटांत बसलंय. यावरून ती टॉपर होईल असं मला म्हणायचं नाही. तिला मशिन्सचा पेपर अजून जड जातोच. पण ती दोन वर्षं कुठल्या कपाटात बंद होऊन गेली नव्हती, एवढं तरी आपण मान्य करूया.

म्हणून माझ्या साध्या मागण्या. प्लेसमेंट सेलला विनंती, की कंपन्यांच्या फॉर्मवर आपलं काही चालत नसेल तर निदान आपल्या स्वतःच्या फॉर्ममधला तो एका ओळीचा रकाना पाच ओळींचा करा, आणि मॉक इंटरव्ह्यूमध्ये गॅपबद्दल नीट बोलायची तयारी करून घ्या. गॅपमध्ये काय केलं हे विचारा, गॅप का झाली हे विचारायची घाई करू नका. सरांना आणि मॅडमना विनंती, की परत आलेल्याला वर्गात उभं करून 'काय, मन भरलं का?' असं विचारू नका. विनोद असतो, माहीत आहे, पण हसायचं काम सगळा वर्ग करतो आणि ऐकायचं काम एकटीचं असतं. आणि विंगमधल्या सगळ्यांना सांगणं एवढंच, की जाणाऱ्याला 'ऑल द बेस्ट' म्हणायला आपल्याला जमतं, केक कापून आपण सेंड-ऑफही देतो. परत येणाऱ्यासाठी आपल्याकडे अजून शब्दच नाही. तो शोधूया.

ओल्ड व्हिकचा पडदा वर गेला तेव्हा तिकीट काढून आलेल्या लोकांनी ऐंशी वर्षांच्या बाईंना 'आली परत' असं कुजबुजून म्हटलं नाही. त्यांनी लिअर बघितला. तेवढं तर आपल्यालाही जमेल. मंगळवारी मशिन्सची ओरल आहे आणि तिच्याकडे जुन्या सिलॅबसच्या नोट्स आहेत. ज्यांच्याकडे नव्या असतील त्यांनी रूम नंबर माझ्याकडून घ्यावा.